बेबे आणि बू द झाँ

दिग्दर्शक लुई फ्यूयाद यांनी फ्रान्समधील गोमाँ कंपनीसाठी १९१० पासून काढलेल्या विनोदी मूकपटांत क्लेमाँ मारी हा पाच वर्षांचा मुलगा ‘बेबे’ झाला. प्रौढांची नक्कल हेच त्याचे भांडवल. हसू येते, पण पढवलेपण लपत नाही. १९१२ मध्ये त्याच मालिकेत रने प्वायँ हा त्याहून लहान मुलगा आला आणि पुढे त्याने बेबेची जागाच घेतली. हा ‘बू द झाँ’ (अर्थ : ज्येष्ठमधाच्या वडीचा तुकडा, नावही किती चपखल!) मोठ्यांचे सोंग ओळखून त्यांची फजिती करतो. मला तोच सरस वाटतो. सात-आठ वर्षांच्या वयात मालिकेबाहेर पडलेला क्लेमाँ पुढे रने दारी या नावाने वावरला. जाक बेकर यांच्या १९५४ च्या गुन्हेगारीपटात तो झाँ गाबँच्या थकल्या साथीदाराच्या भूमिकेत दिसतो. तेथे तो कोणाचीही नक्कल करीत नाही.