रेशनकार्डापासून सोन्यापर्यंत

१९४८ सालच्या 'बर्लिनर बालाडे' या चित्रपटातला जर्मन अभिनेता गेर्ट फ्र्योबे आधी ओळखूच येत नाही. आपल्या डोक्यात बसलेला असतो तो 'गोल्डफिंगर' या बाँडपटातला (१९६४) खलनायकाचा अगडबंब देह. इथे मात्र युद्धकैदेतून बर्लिनच्या ढिगाऱ्यांत परतलेला एक काडीपैलवान दिसतो. पात्राचं नाव ओटो नॉर्माल्फरब्राउखर. रेशनच्या कारभारात ज्याला जादा शिधा नाही अशा ग्राहकाचं सरकारी नाव त्याला आडनाव म्हणून चिकटवलंय. जर्मन लोक सामान्य माणसाला आजही याच नावाने ओळखतात.

पुढच्या दशकात पश्चिम जर्मनीची भरभराट झाली आणि फ्र्योबेही सुटला. पडद्यावर तेव्हा कुरणं, डोंगर आणि गोड शेवट असलेल्या चित्रपटांची चलती होती. त्यातल्या नायकांना भूतकाळ नसे. देशाच्या मनात काय दडलंय ते पाहायचं, तर चरित्र अभिनेत्यांकडेच वळावं लागतं.

त्याचा उत्तम दाखला म्हणजे 'एस गेशा आम हेलिश्टन टाग' (१९५८). यातला श्रॉट लहान मुलींचा खून करतो. घरी बायकोपुढे हाच दांडगा माणूस गृहपाठ न केलेल्या पोरासारखा अंग चोरून उभा राहतो. रानात मात्र त्याच्या हातात बाहुली येते आणि तो हलका होतो. मुलगी खुदकन हसते, तोही मनापासून रमतो. भीती वाटते ती त्याच्या या रमण्याची. फ्र्योबे क्रौर्य 'दाखवत' नाही. न वाढलेलं मूल दाखवतो.

याच भूमिकेमुळे बाँडच्या निर्मात्यांचं लक्ष त्याच्याकडे गेलं. त्यांनी देह घेतला, आवाज ठेवून दिला. त्याचं इंग्रजी कच्चं असल्याने मूळ 'गोल्डफिंगर'मध्ये बहुतेक संवाद मायकेल कॉलिन्सच्या आवाजात ऐकू येतात. या यशाने त्याला जग मिळालं आणि साचाही. पुढे परदेशी चित्रपटांनी त्याला बरेचदा हास्यास्पद जर्मन म्हणूनच वापरलं. 'इज पॅरिस बर्निंग?'मधला (१९६६) सेनापती फॉन कोल्टिट्झ हा त्यातला ठळक अपवाद.

पडद्याबाहेरचा भूतकाळही त्याला चुकला नाही. १९२९ ते १९३७ तो नाझी पक्षाचा सदस्य होता. हे कळल्यावर इस्रायलने त्याच्या चित्रपटांवर बंदी घातली. त्याने आपल्याला आणि आपल्या आईला लपवून वाचवलं, असं एका ज्यू माणसाने सांगितल्यावर ती उठली.

१९६२ मध्ये ओबरहाउझनला तरुण दिग्दर्शकांनी जुना सिनेमा मेल्याचं जाहीर केलं. त्यांच्या नव्या सिनेमात फ्र्योबेच्या पिढीला फारशी जागा नव्हती. पण १९७४ मध्ये तो 'रॉयबर होत्सेनप्लोत्स' झाला, म्हणजे बाहुल्यांच्या खेळातला कास्पर ज्याला पकडतो तो दरोडेखोर. १९५८ मध्ये त्याच्या हातातल्या बाहुलीने देशाचा थरकाप उडवला होता. आता तो स्वतःच त्या खेळात शिरला होता, आणि पोरं त्याला हसत होती.