खेळाची चौकट आणि सविकल्प समाधी

संगणकावरील खेळ सबंध पडदा व्यापून खेळावा, की पडद्याच्या एका भागात लहानशी चौकट उघडून खेळावा, हा प्रश्न साहित्यविषयक मासिकाने चर्चेस घ्यावा इतक्या योग्यतेचा आहे काय, अशी शंका कित्येक वाचकांच्या मनात प्रथम येईल. आमच्या मते तो त्या योग्यतेचा आहे. नाटकगृहातील दिवे मालवावेत की नाही, चित्रास रुंद चौकट असावी की नसावी, कादंबरीकाराने कथा थांबवून वाचकास मध्येच हाक मारावी की मारू नये, असल्या प्रश्नांवर ज्यांनी एकेकाळी हिरिरीने वाद घातले, त्यांस हा नवा प्रश्न परका वाटण्याचे कारण नाही. त्याचे बाह्यांग यांत्रिक आहे खरे. पण अंतरंग रसचर्चेचेच आहे.

यंत्राची बाजू प्रथम थोडक्यात सांगितली पाहिजे. पूर्वी सबंध पडद्यावर चालणारा खेळ संगणकाच्या दृश्ययंत्रणेचा सर्वाधिकारी होऊन बसे. बाकीची सर्व कामे दृष्टीआड होत, आणि मध्येच तिकडे जाण्यासाठी ऑल्ट व टॅब या कळा दाबल्या की पडदा क्षणभर काळा पडे. पुष्कळदा खेळ जागच्या जागी गोठून जाई. चौकटीतला खेळ मात्र इतर कामांच्या पंक्तीस बसतो. त्याचे चित्र थेट पडद्यावर जात नाही. संगणक ते इतर चौकटींच्या चित्रांशी जुळवून घेतो आणि मग सर्वांचे मिळून एक चित्र पुढे धाडतो. ही जुळणी करणारी व्यवस्था २००७ साली बाजारात आलेल्या विंडोज व्हिस्टामध्ये आली, आणि २०१२ च्या विंडोज ८ पासून ती कायमची झाली. तिच्यापायी किंचित विलंब होतो. तो चपळ हातांच्या तरुणांस जाणवतो. आमच्यासारख्या पन्नाशी ओलांडलेल्या माणसास जाणवत नाही. उलट पक्षी, चौकट लहान केली तर यंत्राचा भार पुष्कळ हलका होतो. १९२० गुणिले १०८० च्या पडद्यावर २०,७३,६०० ठिपके रंगवावे लागतात. १२८० गुणिले ७२० च्या चौकटीत ९,२१,६०० पुरतात, म्हणजे निम्म्याहूनही कमी. आमच्या अर्धापूरसारख्या गावी, जेथे घरातला एकुलता एक जुना संगणक वडिलांच्या केळीच्या व हळदीच्या हिशेबास, थोरलीच्या अभ्यासास आणि धाकट्याच्या खेळास असा तिघांस पुरवावा लागतो, तेथे चौकट ही अभिरुचीच्या आधी सोयीने ठरते. सोय म्हणून आलेल्या गोष्टीने अभिरुची बिघडते की काय, एवढेच पाहावयाचे आहे.

या चौकटीस 'विंडो', म्हणजे खिडकी, म्हणण्याचा प्रघात आहे. नाव सुटसुटीत आहे, पण थोडे फसवे आहे. वाड्याच्या खिडकीतून आपण बाहेर पाहतो तेव्हा तिच्या चारी बाजूंस भिंत असते, आणि भिंत मुकी असते. संगणकाच्या खिडकीभोवती दुसऱ्या खिडक्या असतात: एकीत पत्रव्यवहार, दुसरीत बातम्या, तिसरीत बँकेचे खाते, आणि त्यांपैकी एकही मुकी नसते. हा भेद पुढे उपयोगी पडणार आहे.

सबंध पडद्याच्या कैवाऱ्यांचा मुख्य मुद्दा तल्लीनतेचा आहे. चौकटीच्या कडा डोळ्यांस दिसत राहिल्या की 'हे सारे खोटे आहे' ही आठवण जागी राहते आणि रसभंग होतो, असे ते म्हणतात. हे ऐकून आम्हांस न. चिं. केळकरांचे स्मरण होते. १९२१ साली बडोदे येथील साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदावरून तात्यासाहेबांनी वाङ्मयानंदाची उपपत्ती सांगताना 'सविकल्प समाधी' हा शब्द पुढे केला, आणि त्यावर आपल्याकडे बरीच वर्षे खल झाला. निर्विकल्प समाधीत ज्ञाता आणि ज्ञेय हा भेदच उरत नाही. वाचकाची समाधी तशी नसते. तो दुसऱ्याच्या भूमिकेत शिरतो, परंतु स्वतःची भूमिका टाकून देत नाही; एकाच वेळी दोन्हींकडे असणे यातच त्याचा आनंद आहे. आपण प्रेक्षक आहोत हे सर्वस्वी विसरलेला मनुष्य खलपुरुषाच्या अंगावर जोडा फेकतो, आणि त्यास नाटक कळले असे कोणी म्हणत नाही. कोलरिजनेही १८१७ साली काव्यश्रद्धेविषयी लिहिताना अविश्वास बाजूस ठेवण्याची क्रिया वाचकाच्या इच्छेवर सोपविली आहे. ज्याने आपण होऊन डोळे मिटले त्याच्या डोळ्यांवर पट्टी बांधण्याचे प्रयोजन काय?

येथे एक आक्षेप येईल आणि तो न्याय्य आहे. केळकर बोलत होते ते वाचकाविषयी. खेळणारा मनुष्य नुसता पाहत नाही, तो करतो. त्याची बोटे चालली नाहीत तर कथाच पुढे सरकत नाही. म्हणून त्याचे तादात्म्य अधिक गाढ असते. याचा पुरावा भाषेतच सापडतो. शाकुंतलाच्या प्रयोगात अंगठी हरवते तेव्हा प्रेक्षकांतील कोणी 'माझी अंगठी गेली' म्हणून ओरडल्याचे ऐकिवात नाही. परंतु संगणकापुढे बसलेला मुलगा, त्याची पडद्यावरील आकृती कड्यावरून कोसळताच, 'मेलो!' असे म्हणतो. 'तो मेला' असे तो कधीही म्हणत नाही. हा प्रथमपुरुषी उद्गार रसचर्चेच्या अभ्यासकांनी अवश्य टिपून ठेवावा. वाचकास किंवा प्रेक्षकास तो क्वचितच साधला असेल. आता लक्ष देण्याजोगी गोष्ट अशी, की सुट्टीत आमच्याकडे येणारे भाचे चौकटीतला खेळ खेळतात तेव्हाही हाच उद्गार तितक्याच जोराने निघतो. आकृती बोटाएवढी असते, भोवती अर्धा पडदा मोकळा असतो, स्वयंपाकघरातून ताटावर बसण्यासाठी हाका चाललेल्या असतात. तरी 'मेलो' तो 'मेलो'च. आणि पुढच्याच क्षणी हसून तो पुन्हा जिवंतही होतो. सविकल्प समाधीचे याहून बोलके उदाहरण आम्हांस तरी ठाऊक नाही.

मग बिघडते कोठे? कारण बिघडते हेही खरे आहे. त्याचा शोध घेण्यास अभिनवगुप्ताइतका चांगला वाटाड्या नाही. त्याने 'अभिनवभारती'त रसप्रतीतीची सात विघ्ने सांगितली आहेत. रंगपीठाची कड प्रेक्षकास दिसणे हे त्या सातांत नाही. उलट पूर्वरंग, नटाचे शिरोभूषण, नाट्यधर्मी संकेत, म्हणजे 'हे नाटक आहे' असे उघड सांगणाऱ्या गोष्टी, त्याने विघ्ननिवारणाची साधने म्हणून मानल्या आहेत. त्यांच्या योगाने प्रेक्षक समोरच्या नटाच्या खऱ्या नावागावात अडकून पडत नाही. आमच्या प्रश्नास लागू पडणारी विघ्ने निराळीच आहेत. एक 'स्फुटत्वाभाव', म्हणजे अस्पष्टता: चौकट इतकी लहान केली की अक्षरे वाचवत नाहीत आणि शत्रू कोठला व सावली कोठली ते समजत नाही. दुसरे 'अप्रधानता': पाच खिडक्यांपैकी एक होऊन राहिलेल्या गोष्टीवर चित्त विसावत नाही. आणि तिसरे, सर्वांत बलवान, 'निजसुखादिविवशीभाव', म्हणजे स्वतःच्याच सुखदुःखाने ग्रासलेले असणे. कडेच्या खिडकीत कचेरीचे पत्र आल्याची खूण चमकली, की खेळणारा कड्यावर लोंबकळत असला तरी त्या क्षणी तो कारकून झालेला असतो. आकृती पडते, पण या वेळी 'मेलो' निघत नाही. तो 'हात्तिच्या' म्हणतो आणि पत्र उघडतो.

म्हणून कडेस दोष देणे आम्हांस मान्य नाही. कड चित्तास गोळा करते. येथल्या केशवराजाच्या देवळात भाविक देव पाहतो तो गाभाऱ्याच्या दाराच्या चौकटीतून. ती चौकट दर्शनाच्या आड येते अशी तक्रार अद्याप कोणी केलेली नाही. सिंधुदुर्ग जिल्ह्यात कुडाळजवळच्या पिंगुळी गावी ठाकर मंडळी चामड्याच्या बाहुल्यांचा छायाखेळ करतात. तेथे पांढरे कापड ताणलेले, मागे दिवा, आणि कापडावर रामकथेतील पात्रांच्या सावल्या. कापडाच्या पलीकडची रात्र सर्वांस दिसत असते, आणि तरी सर्वांची दृष्टी त्या कापडावरच खिळलेली असते. रात्र मुकी असते म्हणून हे साधते.

छायाबाहुल्यांचा उल्लेख निघाला तो एका खेळाकडे वळण्यास सोयीचा आहे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेने रचलेला 'राजी: अ‍ॅन एन्शंट एपिक' हा खेळ २०२० च्या ऑगस्टात निन्टेन्डो स्विच या यंत्रासाठी आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात संगणकासाठी निघाला. राजी ही कसरतीचे खेळ करणारी मुलगी. तिचा धाकटा भाऊ गोलू यास असुर पळवून नेतात आणि ती त्याच्या शोधार्थ निघते. कथेचे दुवे छायाबाहुल्यांच्या रीतीने सांगितले आहेत, आणि राजी लढत असता दुर्गा व विष्णू वरून तिच्याविषयी आपसांत बोलत असतात. ही योजना आम्हांस फार मार्मिक वाटली. खेळणारा राजी होऊन धावतो, आणि त्याच वेळी दोन देवांच्या संगतीने राजीकडे दुरून पाहतो. विकल्प येथे कर्त्यांनीच कथेत विणून ठेवला आहे. तो राखण्यासाठी चौकटीच्या कडेची गरज नाही. शिवाय राजस्थानी धर्तीचे महाल आणि पहाडी चित्रांचे वळण यांतून उभी केलेली ही दृश्ये विस्ताराची आहेत. त्या प्रचंड वास्तूंपुढे राजी मुद्दामच चिमुकली दाखविली आहे. ती आणखी लहान चौकटीत घातली तर मुंगी होईल आणि वास्तूचे वास्तुपण जाईल. असा खेळ ज्याने त्याने सबंध पडद्यावरच खेळावा. (त्यातील लढाया पुढेपुढे एकसुरी होतात आणि शेवट मध्येच तुटल्यासारखा वाटतो, हे दोष कोणत्याही आकाराच्या पडद्यावर झाकत नाहीत.)

याच्या उलट टोकास पत्त्यांचा तो एकाकी डाव, सॉलिटेअर. १९९० साली विंडोज ३.० बरोबर तो आला. तो जन्मला चौकटीत आणि कचेरीतल्या कागदपत्रांच्या शेजारीच वाढला. माउसने पत्ता उचलून दुसरीकडे नेऊन ठेवावा, या सवयीचा सराव किती कारकुनांस त्याने नकळत करून दिला असेल! त्यास शेजाराची बाधा होत नाही, कारण तल्लीनता तो मागतच नाही. असल्या डावास सबंध पडदा देणे म्हणजे सुपारी फोडण्यास घण आणणे होय.

या दोहोंच्या मध्ये जुने खेळ येतात, आणि आमच्या मते खरा विचार त्यांच्याच बाबतीत करावा लागतो. जॉर्डन मेकनरचा 'प्रिन्स ऑफ पर्शिया' १९८९ चा. त्यातील राजपुत्राचे धावणे, उडी घेऊन कड्यास लोंबकळणे हे कर्त्याने आपल्या भावाचे चलच्चित्र घेऊन त्यावरून रेखाटले, म्हणून ती लहानशी आकृती अजूनही जिवंत वाटते. पुढे डॉस यंत्रणेवर तो आला तेव्हा चित्र ३२० गुणिले २०० ठिपक्यांचे होते आणि ते चारास तीन या प्रमाणाच्या काचेवर पाहावयाचे होते. आज डॉसबॉक्सच्या साहाय्याने तो चालविता येतो, आणि प्रथम तो लहान चौकटीतच उघडतो. ऑल्ट व एंटर दाबून तो पडदाभर करता येतो खरा. पण सोळास नऊ या प्रमाणाच्या आजच्या पडद्यावर तो ताणून बसविला, तर सडपातळ राजपुत्र एकाएकी मेजवान्या झोडून आल्यासारखा रुंदावतो आणि एकेक ठिपका विटेएवढा दिसू लागतो. येथे मोठेपणाने स्फुटत्व वाढत नाही, कमी होते. जुन्या पोथीतील चित्र भिंतीएवढे करून टांगणाऱ्यास आपण रसिक म्हणत नाही. मग येथेच आग्रह का?

शेजाराविषयी आणखी एक गोष्ट सांगितली पाहिजे, कारण तिची झळ आम्हां अध्यापकांस प्रत्यक्ष लागली. २०२० साली महामारीमुळे महाविद्यालये बंद पडली आणि व्याख्याने संगणकाच्या पडद्यावर आली, तेव्हा किती घरी एका खिडकीत व्याख्यान आणि दुसरीत खेळ अशी जोडी चालली असेल, त्याची गणती कोण करणार? खेळाने व्याख्यान बिघडविले अशी ओरड त्या वेळी पुष्कळ झाली. व्याख्यानाने खेळ किती बिघडविला, याचा विचार कोणी केला नाही. दोहोंपैकी एकातही 'मेलो' म्हणण्याइतके चित्त नसणे ही आम्हांस त्या वर्षातली खरी हानी वाटते. पालकांनीही त्या दिवसांत 'खेळ छोटा करून ठेव, म्हणजे अभ्यासाकडे लक्ष राहील' असा तोडगा सुचविला. त्यापेक्षा एक तास सबंध पडद्यावर मनसोक्त खेळू देऊन पुढचा तास तो पडदा पुस्तकास दिला असता, तर दोन्हींचे बरे झाले असते.

यंत्रकर्त्यांनी हा वाद आपल्यापुरता जवळजवळ मिटविला आहे. आता चौकट नसलेली खिडकी नावाचा तिसरा प्रकार रूढ झाला आहे. ती सबंध पडदा व्यापते, पण आत खिडकीच राहते. आणि विंडोज १० पासून तर पुष्कळ खेळांत सबंध पडदा निवडला तरी पडद्याआड हीच युक्ती योजिली जाते. जुना सर्वाधिकारी आता नामधारी उरला आहे. एक फरक मात्र राहतो. पडदा भरला की त्याच्या तळाशी कोपऱ्यात असलेले घड्याळ झाकते. चौकटीत खेळले तर ते दिसत राहते. 'प्रिन्स ऑफ पर्शिया'त राजकन्येस सोडविण्यासाठी साठच मिनिटे दिलेली असतात. राजपुत्र पहारेकऱ्याशी तलवार भिडवून उभा असतो, त्याच्या हिशेबी चाळीस मिनिटे उरलेली असतात, आणि कोपऱ्यातल्या घड्याळात रात्रीचे साडेअकरा वाजलेले असतात. दोन्ही घड्याळे एकाच पडद्यावर चालू असताना पुढची उडी घेतलेली आम्ही पाहिली आहे, आणि ती चुकलेली नव्हती.