मंगळाला दोन चंद्र, पण महिन्यात एकही नाही

एकापेक्षा जास्त चंद्र असलेल्या जगाचं कॅलेंडर कसं असेल? विज्ञानकथा लिहिणाऱ्यांचा हा आवडता खेळ. पण असं एक जग आपल्या शेजारीच आहे. मंगळाला दोन चंद्र आहेत आणि तिथे अजून कुणीही राहत नसताना त्याचं कॅलेंडरही बनलंय. थॉमस गँगेल या अमेरिकन माणसाने १९८५ मध्ये ते तयार केलं आणि मुलाच्या नावावरून त्याला ‘डेरियन कॅलेंडर’ म्हटलं. आज त्याचीच जरा चिकित्सा करू.

आधी हिशोब बघू. मंगळाचा दिवस आपल्या सुमारे २४ तास ४० मिनिटांचा असतो, त्याला ‘सोल’ म्हणतात. मंगळाचं वर्ष ६६८.५९ सोलांचं. गँगेलने त्याचे २४ महिने केले. बहुतेक महिने २८ सोलांचे, आणि दर सहावा महिना २७ चा. असे ६६८ सोल झाले. उरलेल्या अपूर्णांकासाठी विषम वर्षं आणि दहाने भाग जाणारी वर्षं ६६९ सोलांची. म्हणजे दहा वर्षांत सहा लीप वर्षं. शतकांसाठी आणखी बारीक दुरुस्त्या आहेत. गणित चोख आहे, त्यात खोट काढता येत नाही.

चंद्र वगळले हेही बरोबरच. फोबोस मंगळाभोवती ७ तास ३९ मिनिटांत फिरतो. खुद्द मंगळाच्या फिरण्यापेक्षा त्याचा वेग जास्त, म्हणून तिथून बघितलं तर तो पश्चिमेला उगवून पूर्वेला मावळतो. डायमोसला एका फेरीला ३० तास लागतात, आणि एकदा उगवला की मावळायला अडीच दिवस घेतो. फोबोसच्या पौर्णिमेवर महिना बसवायचा तर महिना एका शिफ्टएवढा होईल! मग चंद्र सोडून देण्यात गैर काय?

गैर इथे आहे: चंद्र सोडला, तर मग २८ कुठून आले? मंगळाच्या आकाशात २८ सोलांनी काहीच घडत नाही. हा आकडा आपल्याच चंद्राची सावली आहे. आणि या सारख्या महिन्यांच्या पट्टीखाली मंगळाची सगळ्यात स्वतःची गोष्ट झाकली जाते. मंगळाची कक्षा बरीच लंबगोल आहे. सूर्यापासून लांब असताना तो संथ चालतो, जवळ आला की पळतो. त्यामुळे उत्तर गोलार्धात वसंत सुमारे १९४ सोलांचा, उन्हाळा १७८, शरद १४२ आणि हिवाळा १५४. वसंत आणि शरद यांत ५२ सोलांचा फरक! डेरियनची मात्र चारही पावं १६७–१६८ सोलांची. वर्ष वसंतसंपाताला सुरू होतं, पण उन्हाळा सातव्या महिन्याच्या शेवटी कधीतरी लागतो. तारीख दरवर्षी तीच येते, हे खरं. पण महिन्याचं नाव ऐकून ऋतूबद्दल काहीच कळत नाही.

गंमत म्हणजे महिन्यांची नावं राशींची आहेत, एक लॅटिन, एक संस्कृत: सॅजिटेरियस, धनुस, कॅप्रिकॉर्नस, मकर... नावं आपल्याकडून घेतली, पण त्यामागची रीत घेतली नाही. आपल्या पंचांगात सूर्य एका राशीतून दुसरीत गेला की संक्रांत. असा सौर महिना सारखा नसतोच. मिथुनेचा साधारण साडेएकतीस दिवसांचा, धनूचा साडेएकोणतीस. मंगळावर काम करणारे शास्त्रज्ञ नेमकं हेच करतात. ते सूर्याचं स्थान ० ते ३६० अंशांत मोजतात. त्याचे ३०-३० अंशांचे बारा भाग केले तर ४६ ते ६७ सोलांचे महिने मिळतात. म्हणजे मंगळाच्या संक्रांतीच की!

मेघनाद साहांच्या समितीने बनवलेलं आपलं राष्ट्रीय कॅलेंडर २२ मार्च १९५७ ला लागू झालं. त्यात वैशाख ते भाद्रपद हे पाच महिने ३१ दिवसांचे आहेत, कारण त्या काळात सूर्य संथ चालतो. पृथ्वीवर हा फरक थोड्याच दिवसांचा, तरी साहांनी तो जपला. मंगळावर तो ५२ सोलांचा, आणि तिथे तो सपाट केला गेला.

मी आळंदीत राहते, म्हणून मला हे जास्त खुपत असेल. इथली कार्तिक वद्य एकादशी २०२३ मध्ये डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात आली, २०२४ मध्ये २६ नोव्हेंबरला, २०२५ मध्ये १५ नोव्हेंबरला. चाकणला कामाला जाणारा माणूस रजेचा अर्ज तारखेने भरतो, पण रजा तिथीसाठी घेतो. बारा चांद्र महिने सौर वर्षाला साधारण अकरा दिवस कमी पडतात. ती तूट साचत जाते आणि मग एखाद्या चांद्र महिन्यात संक्रांतच येत नाही. तो अधिक महिना. २०२३ चा अधिक श्रावण असाच. पण त्याला आपण तळटीप करून ठेवलं नाही. त्याला धोंड्याचा महिना म्हटलं, जावयाला घरी बोलावलं, तेहतीस अनारशांचं वाण दिलं. हिशोबात न बसलेल्या दिवसांना घरात जागा मिळाली.

माझ्या मते कुठल्याही कल्पित कॅलेंडरची परीक्षा इथेच होते. चंद्र एक असो की पाच, त्यांचे फेरे वर्षात पूर्ण बसणार नाहीतच. ते न बसणं कॅलेंडर लपवतं, की लोकांना दाखवतं? डेरियन ते लपवतं. म्हणून तारखांचं कोष्टक म्हणून ते उत्तम आहे, पण मंगळावर जन्मलेल्या मुलाला ते आपल्या ग्रहाबद्दल फार काही सांगणार नाही.

तुम्ही कुणी दोन-तीन चंद्रांचं जग रचत असाल, तर महिन्यांची नावं शेवटी ठेवा. आधी काय उरतंय ते काढा, आणि त्या उरलेल्या दिवसांत तिथले लोक काय रांधतात ते ठरवा.