गाळलेले क्रियापद: रॉटरडॅममधील एका कलाकेंद्राचे शिकणे

कलासंग्रहालय आणि कलाकेंद्र या दोन संस्था बाहेरून सारख्या दिसत असल्या तरी प्रेक्षकाशी असलेले त्यांचे नाते मूलतः वेगळे असते. संग्रहालयाजवळ स्वतःच्या मालकीच्या कलाकृती असतात. त्या जतन करणे, त्यांचा क्रम लावणे आणि त्या क्रमाला परंपरा म्हणून मान्यता मिळवून देणे हे त्याचे कार्य. कलाकेंद्राजवळ असा संग्रह नसतो. एक प्रदर्शन उतरते, दुसरे लागते. मध्ये उरतात त्या रिकाम्या पांढऱ्या भिंती. साहजिकच येणाऱ्याने काय पाहावे यापेक्षा त्याने कसे पाहावे आणि त्यातून काय शिकावे, हाच प्रश्न अशा संस्थेला स्वतःच्या अस्तित्वाचे समर्थन म्हणून वारंवार मांडावा लागतो. नेदरलँड्समधील रॉटरडॅम या बंदराच्या शहरातील एका कलाकेंद्राच्या बाबतीत २०१७ मध्ये हा प्रश्न उलट्या दिशेने विचारला गेला. संस्था स्वतः काय शिकली आहे, असे तिलाच विचारण्यात आले. आणि प्रश्न ज्या शब्दांविषयी होता ते शब्द तिच्याच दारावर लिहिलेले होते.

हे केंद्र १९९० मध्ये ‘विट्टे द विट’ या नावाने सुरू झाले. ज्या रस्त्यावर ते आहे त्या रस्त्याचेच नाव त्याने घेतले. वास्तू एकेकाळच्या शाळेची. क्रिस डेर्कोन हे पहिले संचालक. १९९२ मध्ये ब्राझीलचा चित्रकार एलियो ओइतिसिका आणि १९९५ मध्ये अमेरिकेचा पॉल थेक यांची प्रदर्शने तेथे झाली. पुढे कॅथरीन डेव्हिड यांच्या काळात अरब जगातील समकालीन कलेचा मोठा प्रकल्प तेथे उभा राहिला. ओइतिसिकाची वस्त्रशिल्पे प्रेक्षकाने अंगावर घालून नाचावे यासाठी होती. प्रेक्षकाने केवळ पाहू नये, सहभागी व्हावे, स्वतःच्या पाहण्याची तपासणी करावी, ही शिकवण या केंद्राने आरंभापासून दिली. संस्थेची ही प्रतिमा खोटी होती असे म्हणता येणार नाही. ती अपुरी होती.

याच वर्षी, १९९० मध्ये, कॅनडातील व्हँकूव्हरचा चिनी वंशाचा कलावंत केन लम याच्या प्रदर्शनाच्या निमित्ताने इमारतीच्या बाहेरच्या भिंतीवर एक प्रचंड फलक लागला. त्याच्या एका भागात छायाचित्र: कार्यालयातील टेबलाशी, कागद आणि आकडेमोडीच्या यंत्राच्या गर्दीत बसलेली, कॅमेऱ्याकडे पाहून किंचित हसणारी, पूर्व आशियाई वंशाची एक स्त्री. दुसऱ्या भागात इंग्रजी वाक्य: मेली शुम आपल्या नोकरीचा द्वेष करते. (मराठी कानाला ‘मेली’ या नावात जे ऐकू येते त्याचा येथे अर्थातच संबंध नाही, पण ते ऐकू येते हे खरे.) चेहरा हसतो आणि मजकूर द्वेष बोलतो, या विसंगतीवर कलाकृती उभी आहे. जाहिरातीच्या भाषेत चित्र आणि मजकूर परस्परांना दुजोरा देतात. येथे ते परस्परांना खोटे पाडतात. हसू हे नोकरीचाच एक भाग आहे, पगारात धरलेले आहे, हे वाचकाच्या लक्षात येते ते त्या फटीतून.

या वाक्याचे व्याकरण दुर्लक्षिण्यासारखे नाही. मराठीत ते सहजपणे ‘मेली शुमला आपल्या नोकरीचा तिटकारा आहे’ असे होईल. त्या रचनेत तिटकारा हा तिच्या ठिकाणी उद्भवलेला एक विकार ठरतो. ती त्या भावनेचे अधिष्ठान असते, कर्ती नसते. मूळ वाक्यात ती कर्त्याच्या जागी आहे आणि द्वेष ही तिची कृती आहे. दिवसभर दुसऱ्याचे हिशेब करणाऱ्या या स्त्रीने स्वतःहून केलेली, चित्रात कळणारी ही एकमेव कृती. फलकाचे सारे बळ म्हणून क्रियापदात आहे.

प्रदर्शन संपल्यावर फलक उतरवला गेला. तेव्हा तो कुठे गेला अशी विचारणा करणारे, तक्रार करणारे दूरध्वनी संस्थेकडे येऊ लागले आणि फलक परत लावावा लागला. आपल्या नोकरीचा द्वेष करणाऱ्यांचे स्मारक प्रत्येक शहरात असायला हवे, अशा आशयाचे कारण त्यांपैकी कोणी दिले होते असे लम यांनी सांगितले आहे. १४ मे १९४० च्या जर्मन बॉम्बहल्ल्यात रॉटरडॅमचा मध्यभाग बेचिराख झाला. त्याचे स्मारक म्हणून ओसिप झाडकिनचे ‘विध्वस्त शहर’ हे शिल्प १९५३ मध्ये उभे राहिले. आकाशाकडे हात उंचावून आक्रंदणारी ती आकृती इतिहासाची आहे. मेलीचे दुःख इतिहासात बसणारे नाही. ते सोमवारी सकाळी सुरू होते. तिच्या स्मारकासाठी समिती नेमली गेली नव्हती. रस्त्याने जाणाऱ्यांनी ते मागून घेतले.

रस्त्यावरच्या या वाचनाचा विचार कलाशिक्षणाच्या संदर्भात गंभीरपणे व्हायला हवा. पिअर बूर्द्यू आणि आलँ दार्बेल यांनी १९६६ मध्ये युरोपीय संग्रहालयांच्या प्रेक्षकवर्गाचा जो अभ्यास प्रसिद्ध केला, त्यात हॉलंडमधील संग्रहालयेही होती. दरवाजा सर्वांना उघडा असला तरी आत येण्याची गरज ज्यांना वाटते ते शिक्षणाने आधीच घडवलेले असतात, हा त्यांचा निष्कर्ष. भारतीय काव्यशास्त्राच्या अभ्यासकाला यात नवे वाटू नये. काव्याच्या परिशीलनाने ज्याचे मन आरशासारखे स्वच्छ झाले आहे तो सहृदय, असे अभिनवगुप्त सांगतो. ते परिशीलन कोणाच्या वाट्याला येते हे तो सांगत नाही. बूर्द्यू नेमके तेच विचारतो. मेलीचा फलक मात्र दाराच्या बाहेर होता. तो वाचण्यासाठी सहृदय असावे लागत नव्हते, नोकरी असली की पुरत होते.

येथे जाक रांसिएरच्या ‘अज्ञानी शिक्षक’ (१९८७) या ग्रंथातील प्रसिद्ध उदाहरण आठवते, आणि त्याला डच संदर्भ आहे हे सहसा विसरले जाते. फ्रान्समधून परागंदा झालेला जोझेफ जाकोतो १८१८ मध्ये लूव्हाँच्या विद्यापीठात शिकवू लागला, तेव्हा ते शहर नेदरलँड्सच्या राजाच्या अमलाखाली होते. त्याच्या अनेक विद्यार्थ्यांना फ्रेंच येत नव्हते. त्याला त्यांची भाषा येत नव्हती. ‘तेलेमाक’ या कादंबरीची द्विभाषिक प्रत तेवढी त्याने त्यांच्या हाती दिली. समजावून सांगणारे कोणी नसताना विद्यार्थी केवळ दोन मजकूर ताडून पाहत फ्रेंच शिकले आणि चांगले लिहू लागले. स्पष्टीकरण करणारा शिक्षक आधी विद्यार्थ्याची असमर्थता निर्माण करतो आणि मग ती दूर करतो, असा रांसिएरचा निष्कर्ष. भिंतीवरील चित्र आणि मजकूर यांची जोडी ही एका अर्थी जाकोतोची द्विभाषिक प्रतच होती. दोन्ही बाजू ताडून पाहा, उरलेले तुमचे तुम्हाला कळेल. आतल्या दालनांत मार्गदर्शित फेऱ्या, व्याख्याने, माहितीपत्रके यांची व्यवस्था होती. बाहेर काहीच नव्हते, आणि वाचन बाहेर घडले. आतल्या दालनांतही ते घडत असेल; पण फलक परत लावा असा आग्रह धरण्याइतके ते कोणाच्या गळी उतरले असेल का, ही शंका राहते.

२०१७ ची घटना या पार्श्वभूमीवर पाहिली पाहिजे. त्या वर्षी व्हेनिसच्या द्वैवार्षिकातील डच दालनात वेंडेलीन फान ओल्डेनबोर्ख यांचा ‘सिनेमा ओलांडा’ हा प्रकल्प होता. नेदरलँड्सच्या सहिष्णू स्वप्रतिमेमागे दडलेला वसाहतींचा इतिहास हा त्याचा विषय. त्याला जोडून रॉटरडॅमच्या केंद्रातही कार्यक्रम योजला गेला, तेव्हा काही कलावंत, अभ्यासक आणि कार्यकर्ते यांनी जूनमध्ये एक खुले पत्र लिहिले. त्याचा रोख साधा होता: या नावाच्या घरात बसून ही चर्चा कशी करता येते?

नाव कोणाचे, तर विट्टे कॉर्नेलिस्झोन द विट (१५९९–१६५८) या आरमारी अधिकाऱ्याचे. ईस्ट इंडिया आणि वेस्ट इंडिया या दोन्ही डच कंपन्यांच्या मोहिमांत तो होता. तरुणपणी यान पीटरस्झोन कून याच्या हाताखाली जावा बेटावर, १६२८ मध्ये स्पॅनिश खजिन्याचा काफिला पकडणाऱ्या पीट हाइनच्या आरमारात, नंतर ब्राझीलमध्ये. ज्या कंपनीची पडकी वखार वेंगुर्ल्यात दिसते तीच ही ईस्ट इंडिया कंपनी. एकोणिसाव्या शतकात युरोपीय शहरांनी आपल्या नव्या रस्त्यांना राष्ट्रवीरांची नावे दिली. केंद्राने रस्त्याचे नाव उचलले तेव्हा त्यामागचा माणूस उचलण्याचा हेतू नव्हता, असे म्हटले गेले. ते खरेही असावे. परंतु हा खुलासाच दोषाचे स्वरूप स्पष्ट करतो. ग्लोरिया वेकर यांनी ‘व्हाइट इनोसन्स’ (२०१६) या ग्रंथात ज्या निरागसपणाचे विश्लेषण केले आहे तो हाच: चारशे वर्षांच्या साम्राज्याचा वारसा चालवायचा आणि आपल्याला त्याची जाणीवच नव्हती असे प्रामाणिकपणे सांगायचे. डच भाषेत ‘विट’ म्हणजे पांढरा. अशा नावाच्या संस्थेने पांढऱ्या भिंतींच्या दालनात, प्रत्येक संहितेमागील सत्तासंबंध उलगडून दाखवण्याचे शिक्षण सत्तावीस वर्षे द्यावे आणि दारावरची दोन-तीन शब्दांची संहिता मात्र न वाचता सोडावी, यापेक्षा ठळक उदाहरण चिन्हमीमांसेच्या अध्यापकाला मिळणे कठीण. शुद्ध चिन्हक म्हणून वापरलेले नाव शुद्ध कधीच नसते.

मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा १९७८ चा ठराव आणि १९९४ चा नामविस्तार यांच्यामधील सोळा वर्षांत काय काय घडले हे ठाऊक असलेल्या वाचकाला नावाचे मोल समजावून सांगण्याची गरज नाही. मात्र दोहोंची बरोबरी करणे गैर ठरेल. तेथे दलित समाज आपल्या नेत्याचे नाव विद्येच्या संस्थेला मिळावे म्हणून झगडत होता आणि त्याची किंमत लोकांनी घरे व प्राण गमावून मोजली. रॉटरडॅममध्ये प्रश्न नाव काढण्याचा होता. कोणते द्यायचे हे ठरले नव्हते.

केंद्राने २०१७ मध्येच नाव सोडण्याचे जाहीर केले, आणि इतिहास पुसला जात असल्याची ओरड अपेक्षेप्रमाणे झाली. पुढची प्रक्रिया लांबली. २०१८ मध्ये तळमजल्याच्या दालनाचे रूप बदलले गेले, त्याला काही काळ ‘अनटायटल्ड’ म्हणजे अनामिक असेच म्हटले गेले. शहरातील तरुणांना काम आणि शिक्षण यांची सांगड घालून संस्थेत सामावून घेणारा उपक्रम तेथे सुरू झाला, आणि २०१९ मध्ये त्या दालनाचे नाव ‘मेली’ झाले. जून २०२० मध्ये इमारतीवरील जुनी अक्षरे उतरली. सार्वजनिक चर्चा, मते मागवणे, सल्लागारांची मसलत असे सारे झाल्यावर जानेवारी २०२१ पासून संपूर्ण संस्था ‘कुन्स्टइन्स्टिट्यूट मेली’, म्हणजे मेली कलासंस्था झाली. ज्या धीराने आणि उघडपणे हे केले गेले तो अशा संस्थांत दुर्मीळ आहे. रस्त्याने तीस वर्षांपूर्वी निवडलेले नाव संस्थेने स्वीकारले, यात एक न्यायही आहे.

परंतु स्वीकारले ते नेमके काय? वाक्य होते: मेली शुम आपल्या नोकरीचा द्वेष करते. नावात उरली ‘मेली’. चिनी आडनाव गळले, नोकरी गळली, द्वेष गळला. आरमारी अधिकारी पूर्ण नावानिशी, पदवी नसतानाही अहो-जाहोच्या थाटात तीन दशके दारावर राहिला. कारकून बाई आली ती पहिल्या नावाने, कार्यालयात साहेब तिला हाक मारीत असेल तशी. एखादे संपूर्ण वाक्य नाव म्हणून वागवता येत नाही, नाव नेहमी अंशाने पूर्णाकडे निर्देश करते, हा युक्तिवाद पोकळ नाही. फलक भिंतीवरच होता, आणि नाव वाचून वर पाहणाऱ्याला उरलेले वाक्य मिळत होते. तरीही अंश कोणता निवडला जातो यावरच निर्देशाची दिशा ठरते, आणि येथे निवडलेला अंश हा हसणारा अंश आहे. छायाचित्रातील हसू संस्थेने घेतले. मजकूर त्या हसण्याला खोटे पाडतो, तो मागे राहिला. मैत्रीपूर्ण, सुटसुटीत, उच्चारायला सोपे असे हे नाव बोधचिन्हाच्या जवळ सरकते.

यात कोणाचा कावा शोधण्याचे कारण नाही. संस्था टीका पचवतात त्या टीकेचे शिक्षणात रूपांतर करून. आपण शिकत आहोत असे म्हणणाऱ्याशी भांडता येत नाही. खुल्या पत्राचा प्रश्न होता अधिकाराचा: निर्णय कोण घेते, कोणाच्या श्रमावर कोणाची प्रतिष्ठा उभी राहते. संस्थेचे उत्तर आले ते शिकण्याच्या भाषेत. दोन्ही भाषांमध्ये देवाणघेवाण झाली, पण अनुवाद पुरता झाला नाही. तरुणांना कामातून शिकवणाऱ्या दालनावर, नोकरीचा द्वेष करणाऱ्या स्त्रीचे नाव लागले आहे. त्या दालनात काम करणाऱ्या एखाद्या मुलाने वा मुलीने मूळ वाक्यातील कर्त्याच्या जागी स्वतःचे नाव घालून ते मोठ्याने वाचले, तर ते वाचन संस्था कोणत्या खात्यात जमा करील, शिक्षणाच्या की बेशिस्तीच्या, याचे उत्तर नव्या नावात नाही. २०२१ नंतरही पत्रे मात्र विट्टे द विट रस्ता, क्रमांक ५०, याच पत्त्यावर पाठवावी लागली. रस्त्याचे नाव बदलणे संस्थेच्या हाती नव्हते.