‘मजबूत’ म्हणजे नेमके काय?

जे. ई. गॉर्डन यांचे ‘स्ट्रक्चर्स’ हे इंग्रजी पुस्तक १९७८ साली प्रसिद्ध झाले. पदार्थांचे यांत्रिक गुणधर्म शिकवणाऱ्या शिक्षकांनी ते अवश्य वाचावे, असे आम्हांला वाटते. ताठपणा, बळकटी आणि चिवटपणा हे तीन वेगळे गुण आहेत, हे गॉर्डन सोप्या भाषेत पटवून देतात. वर्गात आपण तिन्हींसाठी ‘मजबूत’ हा एकच शब्द वापरून मोकळे होतो.

आमची तक्रार मांडणीबद्दल आहे. कोणत्या कामाला कोणता पदार्थ, हा प्रश्न पुस्तकाच्या अखेरच्या भागात येतो. खरे तर सारी गंमत तिथेच आहे. पोलादाचा यंग गुणांक सुमारे २१० गिगापास्कल, तर स्प्रूस लाकडाचा, धाग्यांच्या दिशेने, सुमारे १३. पण पाण्याच्या तुलनेत पोलादाची घनता ७.८ पट आणि लाकडाची निम्मीच. गुणांकाला घनतेने भागले, की दोघे जवळपास सारखेच! सडपातळ, भरीव खांबाच्या बाबतीत मात्र गुणांकाचे वर्गमूळ घ्यावे लागते. तेवढाच भार न वाकता पेलायला लाकडी खांबाचे वजन पोलादी खांबाच्या पावपट पुरते.

पण एवढ्यावर निवड करणे धोक्याचे. काच आणि ॲल्युमिनियम यांचे गुणांक आणि घनता जवळजवळ सारख्या. तरी विमानाचा पंख नुसत्या काचेचा कोणी करत नाही, कारण काचेत तडा सहज धावतो. तड्यांचे विवेचन आणि निवडीचा तक्ता पुस्तकात दूरदूर पडले आहेत. शिक्षकांनी ते शेजारी ठेवून वाचावेत आणि मुलांना आधी विचारावे: ही वस्तू निकामी झालीच, तर वाकून होईल की तडकून?