‘अष्टपैलू’ लिहिण्याआधी थांबा

संशोधनाचा आराखडा लिहिताना एक शब्द आपल्या हातून हमखास निसटतो: अष्टपैलू. ब्राझिलियन सिनेमातले कृष्णवर्णीय कलावंत झोझिमो बुलबुल (1937–2013) यांच्यावर टिपण काढताना मीही तो लिहिला. नट, पटकथाकार, दिग्दर्शक, शेवटी संस्थाचालक. गाईडनी शब्दाभोवती गोल केला आणि बाजूला लिहिलं, “पण का?”

उत्तराची सुरुवात एका छोट्या फिल्ममध्ये सापडली. ‘आल्मा नो ओल्यो’ (1973), जेमतेम अकरा मिनिटांची, कृष्णधवल. पांढरी पार्श्वभूमी, संवाद नाहीत, जॉन कोल्ट्रेनचं संगीत आणि पडद्यावर एकटे बुलबुल. आफ्रिकेतला मोकळा माणूस, गुलाम, खेळाडू, सूटबूट घातलेला शहरी माणूस, सगळे त्याच एका शरीरातून येतात. त्याला बांधणारी साखळी पांढरी आहे. शेवटी ती तुटते.

आता एक साधी माहिती. ‘कोंपासो दि एस्पेरा’ या चित्रपटात बुलबुल नायक होते. त्याच्या शूटिंगमधून उरलेली कोरी फिल्म वापरून त्यांनी ही फिल्म केली. म्हणजे तिचा रिकामेपणा ही नुसती शैली नाही, त्यात काटकसरही आहे. इथून पुढे माझा तर्क: दुसऱ्यांनी लिहिलेल्या भूमिकांत, अगदी नायक होऊनही, जे म्हणता येत नव्हतं ते म्हणायला त्यांना स्वतःच लेखक आणि दिग्दर्शक व्हावं लागलं. अष्टपैलूपणा ही हौस नव्हती, गरज होती.

सगळंच जमलं असं नाही. गुलामगिरी कायद्याने संपल्याच्या शताब्दीला, 1988 साली, त्यांनी ‘आबोलिसांव’ हा लांबलचक माहितीपट केला. मला तो पसरट वाटतो; मुलाखतींच्या गर्दीत ‘आल्मा’ची धार हरवते. पण त्यात ते एकटे उरत नाहीत, अनेक आवाजांना जागा देतात. 2007 मध्ये रिओत त्यांनी कृष्णवर्णीयांच्या सिनेमासाठी केंद्र उभारलं, तेही मला याच वाटेवरचं वाटतं: पुढच्यांना सगळी कामं एकट्याने करावी लागू नयेत.

तुमच्या आराखड्यातही असं एखादं कौतुकाचं विशेषण असेलच. ते खोडू नका. त्याच्यापुढे ‘का?’ लिहा, आणि माहिती कुठे संपते नि तुमचा तर्क कुठे सुरू होतो, तिथे रेघ मारा. माझं दुसरं प्रकरण त्या रेघेपासूनच सुरू झालं.