राजाचे दुखणे : गुणाढ्यकथेतील ध्वनी आणि सत्ता

गुणाढ्याची कथा मराठी समीक्षेत बहुधा उपेक्षित प्रतिभेचे रूपक म्हणून उद्धृत होते. राजाने ग्रंथ अव्हेरला, कवीने तो जाळला, राजाला पश्चात्ताप झाला, एवढ्यावर तिचे तात्पर्य संपते. या वाचनात कथेतील एक घटक दुर्लक्षित राहतो. तो म्हणजे राजाचे आजारपण. अकराव्या शतकात काश्मीरमध्ये सोमदेवाने रचलेल्या 'कथासरित्सागरा'च्या 'कथापीठ' या पहिल्या लंबकात सातवाहन राजा एकदा नव्हे, दोनदा अंथरूण धरतो, आणि दोन्ही वेळा दुखण्याचे मूळ ध्वनीत आहे.

पहिले दुखणे जलक्रीडेतून उद्भवते. पाणी उडवू नका, असे राणी संस्कृतात म्हणते. 'मा' आणि 'उदकैः' यांचा संधी राजाला उलगडत नाही, तो मोदक मागवतो आणि राणीच्या हसण्याने खजील होऊन अन्नपाणी सोडतो. शारीरिक कारण कोणालाच सापडत नाही. या दुखण्यावरचा उपचार म्हणजे व्याकरण. गुणाढ्य सहा वर्षे मागतो, तर शर्ववर्मा सहा महिन्यांत विद्या देण्याची प्रतिज्ञा करतो. ते घडल्यास संस्कृत, प्राकृत व देशी या तिन्ही भाषा सोडण्याचा पण गुणाढ्य लावतो. शर्ववर्मा कार्तिकेयाला प्रसन्न करून 'कातंत्र' मिळवतो आणि राजा बरा होतो. राजाला वाचा लाभते, गुणाढ्य मात्र मौनात जातो. एकाच्या उपचाराची किंमत दुसऱ्याने मोजावी, अशी ही व्यवस्था आहे.

दुसरे दुखणे अधिक गुंतागुंतीचे आहे. विंध्यारण्यात पैशाची शिकलेला गुणाढ्य सात वर्षांत सात लक्ष श्लोकांची बृहत्कथा लिहितो, तीही शाईअभावी स्वतःच्या रक्ताने. प्रतिष्ठानचा, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यातील पैठणचा, राजा ती भाषेमुळे आणि रक्ताच्या अक्षरांमुळे नाकारतो. मग गुणाढ्य डोंगरावर अग्नी पेटवून एकेक पान वाचतो व जाळतो. भोवतीचे पशू चरणे विसरून ऐकत राहतात. त्यांचे मांस शुष्क होते, ते राजाच्या ताटात येते आणि राजा आजारी पडतो. वैद्य शुष्क मांसाकडे बोट दाखवतात, आचारी व्याधांकडे आणि व्याध त्या वाचणाऱ्या ब्राह्मणाकडे. कानाने नाकारलेला ध्वनी अशा रीतीने मुखावाटे राजदेहात शिरतो.

मंत्रविषयक पारंपरिक धारणेशी या रचनेची तुलना उद्बोधक ठरते. 'इंद्रशत्रु' या शब्दातील स्वर चुकल्याने वृत्राचाच घात झाला, ही व्याकरणपरंपरेतील प्रसिद्ध कथा. तेथे दोष उच्चारात आहे आणि अनिष्ट फळ उच्चार करणाऱ्याच्या पक्षाला भोगावे लागते. गुणाढ्याच्या वाचनात उच्चारदोष मुळीच नाही. दोष आहे तो श्रवणाच्या नकारात, आणि फळ भोगतो तो नकार देणारा. ध्वनीच्या सामर्थ्याचा निकष येथे शुद्धतेकडून श्रवणाकडे सरकला आहे, हे या कथेचे वाङ्मयशास्त्रीय महत्त्व होय.

मात्र हिला अभिजनांविरुद्ध देशीचा विजय मानणे घाईचे ठरेल. गुणाढ्याने सोडलेल्या भाषांत देशीचाही समावेश आहे. पैशाची ही त्याची मातृभाषा नव्हे, सर्व भाषा गमावल्यावर उरलेली वाट आहे. शिवाय पैशाचीची ही कैफियत आपल्यापर्यंत पोहोचते ती संस्कृतातून. मूळ ग्रंथ उपलब्ध नाही आणि बुधस्वामीच्या 'बृहत्कथाश्लोकसंग्रहा'चा आरंभ उज्जयिनीच्या राजवृत्तांताने होतो. त्यामुळे या आख्यायिकेला पैठणच्या दरबाराचा इतिहास समजता येत नाही. भाषांच्या उतरंडीविषयी काश्मिरी परंपरेने केलेला विचार म्हणूनच ती वाचावयास हवी.

आणखी एक प्रश्न पशूंचा. काव्यशक्तीचे पुरावे म्हणून त्यांच्या डोळ्यांतील अश्रूंचा गौरव होतो. पण ते उपाशी आहेत, याचा सहसा विसर पडतो. ज्या ध्वनीने ते तल्लीन होतात, तोच त्यांना कृश करतो आणि त्यांची शिकारही थांबत नाही. रसास्वाद निरुपद्रवी असतो, या गृहीतकाला कथा येथे छेद देते. राजाच्या दुखण्याची चौकशी होते, त्यांच्या उपासमारीची दखल घेतली जाते ती केवळ त्या चौकशीतील दुवा म्हणून.

राजा डोंगरावर पोहोचतो तेव्हा सहा लक्ष श्लोक जळून गेलेले असतात. त्याच्या नमस्काराने त्यातले एकही पान परत येत नाही. उरलेला एक लक्षाचा नरवाहनदत्तचरिताचा भाग वाचतो, तो शिष्यांना प्रिय होता म्हणून. राजाश्रयाने नव्हे, श्रोत्यांच्या ओढीने संहिता टिकते. पुढे गुणदेव व नंदिदेव या त्याच शिष्यांच्या साह्याने, ग्रंथ कसा अवतरला हे सांगणारे 'कथापीठ' सातवाहन त्याच भाषेत रचतो, असे सोमदेव म्हणतो. म्हणजे या दुखण्याची हकीकत सांगणारा, कथेच्या साक्षीनुसार, स्वतः रोगीच आहे. मोदकांची फजितीही त्यानेच नोंदवली आहे, आणि तीही नाकारलेल्या भाषेत. व्याकरणाने त्याला बोलता केले होते. ऐकणे त्याला या दुसऱ्या दुखण्याने शिकवले.